रामचंद्रपंत अमात्य : युद्धाचे शास्त्र लिहिणारा मुत्सद्दी

दिवाळी जवळ आली म्हणजे बेळगाव, निपाणी, खानापूर या आपल्या भागात गल्लोगल्ली मातीचे किल्ले उभे राहू लागतात. दगडगोटे रचले जातात, त्यांवर लाल मातीचा लेप चढतो, आळीव पेरून डोंगर हिरवे केले जातात. बुरूज होतो, दरवाजा होतो, महाराजांचे सिंहासन मांडले जाते आणि मावळे आपापल्या जागी पहाऱ्यास उभे राहतात. सर्व सिद्धता झाल्यावर कोणाला तरी आठवण होते की, गडावर तळे राहिलेच! मग एखादी पत्र्याची डबी मातीत पुरून तीत तांब्याभर पाणी ओतले जाते. मुलांच्या खेळात हा क्रम चालून जातो. परंतु खरा किल्ला बांधताना जो हा क्रम धरील, त्याचा किल्ला पहिल्या वेढ्यातही टिकणार नाही, ही गोष्ट तीनशे वर्षांपूर्वी एका वृद्ध मुत्सद्द्याने आपल्या मराठी भाषेत कारणांसह लिहून ठेविली आहे. त्या पुरुषाचे नाव रामचंद्र नीलकंठ, म्हणजेच रामचंद्रपंत अमात्य बावडेकर.

आपल्या इतिहासात पराक्रमाच्या कथांना तोटा नाही. बेळगावपासून फार दूर नसलेल्या नेसरीच्या खिंडीत १६७४ च्या फेब्रुवारीत सरनोबत प्रतापराव गुजर अवघ्या सहा स्वारांनिशी बहलोलखानाच्या फौजेवर तुटून पडले आणि सातही वीर धारातीर्थी पडले. त्या स्थळी आजही मान आपोआप लवते. परंतु राज्ये केवळ अशा बलिदानावर टिकत नाहीत. युद्ध का होते, कोणत्या बळावर ते चालते, कोणत्या उणिवेमुळे ते हरले जाते, शेजारी कोण, परका कोण आणि त्याच्या मनात काय आहे, याचा शांत चित्ताने अभ्यास करणारी माणसेही राज्याला लागतात. अशी माणसे रणांगणावर क्वचितच दिसतात, म्हणून पोवाड्यांतही ती क्वचितच येतात. रामचंद्रपंत हे त्यांपैकी अग्रगण्य होते.

पंतांचा जन्म १६५० च्या सुमाराचा. त्यांचे वडील निळो सोनदेव हे शिवाजीमहाराजांच्या पदरी मुजुमदार होते, म्हणजे राज्याच्या जमाखर्चाचा हिशेब त्यांच्या हाती असे. चुलते आबाजी सोनदेव यांनी कल्याण स्वराज्यात आणले. अशा घराण्यात वाढलेल्या मुलाच्या कानांवर बालपणापासून दोन प्रकारचे शब्द पडत असले पाहिजेत: एक तलवारीचे आणि दुसरे आकड्यांचे. निळोपंत १६७२ मध्ये वारले. पुढे ६ जून १६७४ रोजी रायगडावर राज्याभिषेक झाला, तेव्हा मुजुमदाराचे पद अमात्य या संस्कृत नावाने ओळखले जाऊ लागले आणि ते रामचंद्रपंतांकडे आले. त्या वेळी अष्टप्रधानांत ते वयाने सर्वांत लहान होते. महाराजांच्या अखेरच्या वर्षांत राज्य कसे उभारले जाते, गडावर धान्य किती, दारू किती, शिबंदी किती आणि तिचा पगार कोठून येतो, हे सर्व त्यांना जवळून पाहावयास मिळाले. पुढे त्यांच्या बुद्धीला जी धार आली तिचे मूळ या हिशेबाच्या वह्यांत आहे.

१६८० च्या एप्रिलमध्ये महाराज निवर्तले. पुढल्याच वर्षी औरंगजेब बादशहा प्रचंड सेना घेऊन दक्षिणेकडे निघाला. १६८६ मध्ये विजापूर पडले, १६८७ मध्ये गोवळकोंडा पडला. ११ मार्च १६८९ रोजी संभाजीमहाराजांचा वध झाला आणि त्याच वर्षाच्या अखेरीस रायगडही गेला. महाराणी येसूबाई व बाळ शाहू मोगलांच्या हाती सापडले. राज्याला राजधानी उरली नाही, खजिना उरला नाही, आणि जो राजा उरला तो एकोणीस वर्षांचा तरुण! अशा समयी मराठी मुत्सद्द्यांनी जो निर्णय घेतला तो जगाच्या युद्धेतिहासातही लक्षात ठेवण्याजोगा आहे. राजाने एका जागी कोंडून घेऊन लढावयाचे नाही. त्याने शेकडो मैल दूर दक्षिणेस जिंजीच्या किल्ल्यात जावे, म्हणजे बादशहाच्या फौजेची आपोआप फाटाफूट होईल, असे ठरले. राजाराममहाराज पन्हाळ्याहून गुप्तपणे निघाले. वाटेत केळदीच्या राणी चेन्नम्मांनी बादशहाच्या रोषाची पर्वा न करता त्यांना मार्ग दिला आणि त्यापायी मोगली सैन्याशी झुंजही घेतली. कन्नड भूमीतील एका राणीचे हे उपकार मराठी माणसाने कधीही विसरू नयेत. शेजाऱ्याशी राखलेले संबंध हेही एक शस्त्रच असते, याचा हा जिवंत पुरावा होय.

जिंजीस जाताना राजाराममहाराजांनी महाराष्ट्राचा सर्व कारभार रामचंद्रपंतांवर सोपविला व त्यांना हुकूमतपनाह हा किताब दिला. राजाच्या नावाने स्वतंत्रपणे निर्णय घेण्याचा अधिकार त्यांना मिळाला. शंकराजी नारायण, परशुराम त्रिंबक यांसारखे कर्ते पुरुष त्यांच्या साहाय्यास होते, आणि संताजी घोरपडे व धनाजी जाधव यांसारखे सेनानी रणात होते. निपाणीजवळचे कापशी हे गाव आजही सेनापती कापशी या नावाने ओळखले जाते, ते या घोरपडे घराण्यामुळेच.

या काळात पंतांनी विशाळगड व पन्हाळा या परिसरातून जे युद्ध चालविले त्याची पद्धत समजून घेण्यासारखी आहे. मोगल सेना संख्येने अफाट होती, परंतु तिच्याबरोबर अवजड तोफा, हत्ती, डेरे आणि चालता बाजार असे. तिला रोज मणांनी दाणावैरण लागे. मराठ्यांजवळ माणसे थोडी, पण ती हलकी आणि वाटांची माहितगार. म्हणून समोरासमोर एकच मोठी लढाई देऊन सर्वस्व पणास लावावयाचे नाही, असा नेम ठरला. शत्रूची रसद तोडावी, त्याच्या तुकड्या वेगळ्या गाठून मोडाव्या आणि किल्ले शक्य तितके दिवस लढवावे, असा हा मार्ग होता. १६९० मध्ये साताऱ्याजवळ सर्जाखान नावाचा मोठा मोगल सरदार मराठ्यांच्या हाती सापडला. १६९२ मध्ये पन्हाळा परत आला. १६९५ च्या अखेरीस संताजींनी कर्नाटकात दोड्डेरी येथे कासिमखानाच्या फौजेला कोंडून शरण आणले.

१७०० मध्ये राजाराममहाराज सिंहगडावर वारले आणि महाराणी ताराबाईंनी राज्याची धुरा उचलली. तेव्हा बादशहा जातीने एकेक किल्ला जिंकावयास निघाला. सातारा, पन्हाळा, विशाळगड, सिंहगड असे गड त्याने घेतले खरे, परंतु प्रत्येक गडापुढे त्याचे महिनेच्या महिने गेले. विशाळगड परशुराम त्रिंबकांनी सहा महिने लढविला आणि १७०२ च्या जूनमध्ये, ऐन पावसाच्या तोंडावर, दोन लक्ष रुपये घेऊन खाली केला. त्यानंतर चिखल, पूर आणि सह्याद्रीचा पाऊस यांनी परतणाऱ्या मोगल सेनेची जी दैना केली, ती कोणत्याही पराभवाहून थोडी नव्हती. बादशहाची पाठ वळली की घेतलेले किल्ले पुन्हा मराठ्यांकडे येऊ लागत. असे करता करता पंचवीस वर्षे गेली आणि १७०७ मध्ये औरंगजेब अहमदनगरजवळ निधन पावला. दक्षिण जिंकण्याचे त्याचे स्वप्न त्याच्याबरोबरच संपले.

येथे चरित्र संपते तर रामचंद्रपंत हे एक कर्तबगार कारभारी म्हणून इतिहासात राहिले असते. परंतु त्यांचे सर्वांत मोठे कार्य यापुढचे आहे, आणि ते दुःखाच्या काळात घडले आहे. बादशहा गेला तरी घरातली भांडणे गेली नाहीत. शाहूमहाराज सुटून आले, साताऱ्यास त्यांची गादी झाली, आणि इकडे पन्हाळा-कोल्हापूरची दुसरी गादी झाली. काल एकत्र लढलेली माणसे आज एकमेकांसमोर उभी राहिली. १७१४ मध्ये पन्हाळ्यावर सत्तांतर होऊन ताराबाई व त्यांचे पुत्र कैदेत पडले आणि राजसबाईंचे पुत्र संभाजी गादीवर आले. या सत्तांतरात पंतांचाही हात होता, असे इतिहासकार मानतात. म्हणजे घरभेदाच्या दोषातून तेही सर्वस्वी मुक्त नव्हते.

नवे राजे सतराच्या आसपासचे होते. आजच्या हिशेबाने दहावी-बारावीतल्या विद्यार्थ्याएवढे! या तरुण राजाच्या नावाने १७१५ च्या सुमारास एक राजनीतिपर ग्रंथ सिद्ध झाला. त्याचे नाव आज्ञापत्र. शिवाजीमहाराजांपासून राज्य कसे उभे राहिले, कसे बुडता बुडता वाचले, आणि ते राखावयाचे तर राजाने काय जाणले पाहिजे, हे त्यात प्रकरणवार सांगितले आहे. राजा, प्रधान, सावकार, परदेशी व्यापारी, वतनदार, वृत्ती, दुर्ग आणि आरमार असे त्याचे विषय आहेत. ग्रंथ आकाराने लहान, पण त्यामागे चाळीस वर्षांचे पाहणे आहे.

शास्त्र म्हणजे तरी काय? जे घडते ते नीट पाहावे, त्यामागचे कारण शोधावे, कारणावरून नियम बांधावा आणि तो पुढे पडताळून पाहावा. रामचंद्रपंतांनी युद्धाच्या बाबतीत हेच केले. गड बांधावयाचा तर प्रथम पाण्याचा शोध घ्यावा, असे त्यांचे सांगणे आहे. पाणी नसेल आणि ते स्थळ बांधणे अगदी आवश्यकच असेल, तर आधी खडक फोडून टाकी व तळी करावी. एखादा झरा आहे म्हणून निर्धास्त राहू नये. कारण लढाईत तोफांच्या आवाजाने झरे कमी होतात. म्हणून साठवणीची दोन-चार टाकी वेगळी राखावी आणि त्यांतले पाणी सहसा खर्चू नये. गडाजवळ तोफेच्या माऱ्यात येणारे दुसरे उंच ठिकाण असू नये. असल्यास सुरुंग लावून ते पाडावे, ते न साधल्यास तेही बांधून ताब्यात ठेवावे. दरवाजा खालून तोफेने उडविता येईल असा समोर असू नये, आणि एकाच दरवाजाचा गड हा मोठा दोष समजावा. दारूचे कोठार वस्तीपासून दूर असावे. यांपैकी एकही नियम केवळ परंपरा म्हणून सांगितलेला नाही. प्रत्येकामागे कारण आहे.

आरमाराविषयी लिहितानाही पंतांची दृष्टी केवळ जहाजांवर नाही. जहाजाला लाकूड लागते. मग ते कोठून आणावे? सागवान वगैरे लाकूड परवानगीने तोडावे, पण स्वराज्यातील आंबा-फणसाच्या झाडांना हात लावू नये, असे ते बजावतात. कारण रयतेने ती झाडे पोटच्या लेकरांप्रमाणे वाढविलेली असतात. एखादे जीर्ण झाड घ्यावयाचेच झाले तर धन्याला राजी करून, मोल देऊन घ्यावे. आरमाराची पावसाळी छावणी दरवर्षी एकाच बंदरात करू नये, म्हणजे एकाच गावावर तिचा भार पडणार नाही. रयतेला दुखवून उभारलेले सैन्य हे राज्याचे बळ नसून राज्याचा रोग आहे, हा विचार या साऱ्या सूचनांच्या मुळाशी आहे.

परंतु ग्रंथातील सर्वांत दूरदर्शी भाग म्हणजे परदेशी व्यापाऱ्यांचे प्रकरण. त्या काळी त्यांना टोपीकर म्हणत. फिरंगी म्हणजे पोर्तुगीज, इंग्रज, वलंदेज म्हणजे डच, फरासीस म्हणजे फ्रेंच आणि डिंगमार म्हणजे डेन्मार्कचे लोक, अशा पाच जातींच्या टोपीकरांची पंतांनी नोंद केली आहे. इतर सावकार हे राज्याची शोभा आहेत, त्यांना मानाने वागवावे, देशोदेशींच्या व्यापाऱ्यांना बोलावून पेठा वसवाव्या, असे म्हणणारे पंत टोपीकरांपाशी मात्र सावध होतात. हे लोक साध्या सावकारांसारखे नाहीत. यांच्या पाठीशी त्यांचे राजे आहेत. व्यापाराच्या मिषाने ते भूमी धरू पाहतात आणि हाती आलेले स्थळ प्राण गेला तरी सोडीत नाहीत, असे त्यांचे निदान आहे. म्हणून त्यांनी यावे, व्यापार करावा व जावे. वखारीला जागा द्यावयाचीच तर समुद्रकाठी किंवा खाडीच्या तोंडाशी देऊ नये. दूर आत, मोठ्या शहराच्या आश्रयाने, सखल जागी द्यावी आणि पक्की इमारत बांधू देऊ नये. येथे कोणाचा द्वेष नाही आणि भाबडा विश्वासही नाही. दुसऱ्या राष्ट्राचा हेतू, त्याचे बळ आणि त्याची सवय तोलून आपले धोरण ठरवावे, हीच आंतरराष्ट्रीय राजकारणाची पहिली पायरी होय. आज जगभरच्या विद्यापीठांतून हा विषय स्वतंत्रपणे शिकविला जातो. मराठीत त्याचा पाया पन्हाळ्याच्या परिसरात तीनशे वर्षांपूर्वी घातला गेला होता.

वतनदारांविषयी पंतांनी लिहिले आहे ते वाचताना मन अधिकच गंभीर होते. वतनदार हा राज्यातलाच एक लहान राजा असतो. परचक्र आले की तो आपले वतन वाचविण्यासाठी आधी शत्रूला जाऊन मिळतो, असे त्यांचे मत होते. म्हणून त्याला सैल सोडू नये आणि त्याचा उच्छेदही करू नये, ममता व धाक दोन्ही राखावे, असा मध्यम मार्ग त्यांनी सांगितला. हे लिहिणारे पंत कोण होते? औरंगजेब मनसबींचे आमिष दाखवून मराठे सरदार फोडीत होता, तेव्हा त्यांना राखण्यासाठी वतने व सरंजाम देण्याचे धोरण ज्यांनी चालविले तेच हे पंत! शिवाजीमहाराजांची रीत ही नव्हती. प्रसंगच असा होता की दुसरा उपाय दिसत नव्हता. राज्य त्यामुळे वाचले. पण दुफळीचे बीजही त्यातच पेरले गेले. ज्या औषधाने रोगी वाचला, तेच पुढे अपथ्य ठरेल, हे पंतांना उमगले होते. आपल्याच निर्णयाची बाधक बाजू वृद्धापकाळी अशा निर्भयपणे लिहून ठेवणे, हे रणातल्या धैर्याहून उणे धैर्य नव्हे.

आज्ञापत्रानंतर लवकरच, १७१६ च्या सुमारास, पंत पन्हाळ्यावर वारले. तेथे त्यांची समाधी आहे. गगनबावड्याची त्यांची जहागीर पुढे त्यांच्या वंशजांकडे चालत राहिली.

नियम खरा की खोटा याची परीक्षा काळ घेतो. १७३१ मध्ये सातारा व कोल्हापूर यांच्यात वारणेचा तह झाला आणि वारणेच्या दक्षिणेचा तुंगभद्रेपर्यंतचा मुलूख कोल्हापूरकडे गेला. वीस-बावीस वर्षांच्या भाऊबंदकीला अखेर कागदावरच्या रेषेनेच विराम मिळाला. परंतु टोपीकरांविषयीची सूचना कोणी ध्यानी धरली नाही. १७५६ मध्ये विजयदुर्गावर तुळाजी आंग्र्यांचे आरमार जळून खाक झाले, आणि ते जाळण्यास इंग्रजांना बरोबर घेऊन आले होते ते मराठेच होते. १८१८ च्या एप्रिलमध्ये जनरल मन्रोने बेळगावचा किल्ला घेतला. तो किल्ला आपण रोज शाळेला येता-जाता पाहतो. त्याचा खंदक आहे, तट आहे, बुरूज आहेत. उणीव त्या दगडांत नव्हती. शंभर वर्षांपूर्वी लिहून ठेविलेला विचार राज्यकर्त्यांच्या आचरणात उतरला नव्हता, उणीव होती ती तेथे.

याच बेळगावात आज मराठा लाइट इन्फंट्रीचे केंद्र आहे. आपल्यापैकी काही जण उद्या तेथे भरती होतील, काही सीमेवर उभे राहतील. त्यांच्या शौर्याविषयी शंका नाही. परंतु जे येथेच राहतील, शिक्षक होतील, कारकून होतील, व्यापारी किंवा शेतकरी होतील, त्यांनीही युद्ध का होते आणि ते कसे टळते याचा विचार करावयास शिकले पाहिजे. युद्धाचा अभ्यास करणारा युद्धाचा चाहता असतोच असे नाही. पंतांनी पंचवीस वर्षे युद्ध पाहिले. पण त्यांच्या ग्रंथात दुसऱ्याचे राज्य बुडविण्याची हौस नाही. आपले राज्य, त्यातली रयत आणि तिची आंबा-फणसाची झाडे कशी सुरक्षित राहतील, याचीच त्यांना चिंता आहे.

विद्यार्थिमित्रहो, येत्या दिवाळीत अंगणात किल्ला करावयास बसाल तेव्हा क्षणभर या वृद्ध अमात्याची आठवण करा. बुरुजाला हात घालण्यापूर्वी तळ्याची जागा ठरवा. शेजारी कोणते उंच टेकाड आहे ते पाहा. दुसरा दरवाजा कोठे ठेवाल याचा विचार करा. मग मावळे मांडा, मग सिंहासन ठेवा. असा किल्ला कदाचित पहिले बक्षीस मिळविणार नाही. परंतु पन्हाळ्यावरच्या त्या समाधीला तो पाहून निश्चित समाधान वाटेल.